'अश्लील' कॅसेटींचे जतन आणि पुनर्प्रकाशन : काही प्रश्न

जुनी वस्तू जपून ठेवणे ही सर्वसाधारणपणे निरुपद्रवी आणि प्रशंसनीय गोष्ट मानली जाते. पोथी, ताम्रपट, नाणे, किल्ला यांच्या जतनाविषयी कोणी वाद घालीत नाही. परंतु समाजाने जी वस्तू 'अश्लील' म्हणून एकदा गटारात टाकली तिच्या जतनाचा विषय निघाला की सभ्य माणसे गप्प होतात. ही शांतता कोणाच्या सोयीची आहे, हे तपासून पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

व्हिडिओ कॅसेटच्या काळात, म्हणजे स्थूलमानाने १९८० ते २००० या वीस वर्षांत, प्रौढांसाठी म्हणून जे चित्रपट आणि जी चित्रणे घराघरांत, खोल्याखोल्यांत पाहिली गेली, ती आज नष्ट होत आहेत. अमेरिकेत अशा जुन्या चित्रपटांच्या मूळ प्रती शोधून, दुरुस्त करून, नव्या तबकड्यांवर विकणारा एक व्यवसायच उभा राहिला आहे. आपल्याकडे मात्र दोनच भूमिका ऐकू येतात. एक म्हणते, ही घाण आहे, जाऊ द्या. दुसरी म्हणते, हाही इतिहास आहे, सगळे जपा आणि सगळ्यांना दाखवा. या दोन्ही भूमिकांत एक माणूस हरवले आहे. पडद्यावर जी बाई दिसते, ती.

माझे म्हणणे थोडक्यात असे : जतन करणे आणि पुन्हा बाजारात आणणे या दोन भिन्न क्रिया आहेत. जतनाची जबाबदारी समाजाची आहे. पुन्हा बाजारात आणावे की नाही, हे ठरविण्याचा पहिला अधिकार त्या बाईचा आहे. हा भेद केला नाही, तर जतनाच्या नावाने जुनेच शोषण नव्या छापात निघेल.

कॅसेट कामगारवस्तीत कशी आली

पिंपरी-चिंचवडचा पट्टा हा या प्रश्नाकडे पाहण्यासाठी योग्य प्रदेश आहे. १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना स्थापन झाला. साठीच्या दशकात टेल्को आणि बजाज ऑटो आले आणि त्यांच्यामागे शेकडो लहान कारखाने आले. १९७२ च्या दुष्काळानंतर मराठवाडा, सोलापूर, नगर या भागांतून माणसांचा ओघ वाढला. गावकुसाबाहेरचा, बिनजमिनीचा माणूस या ओघात होता. भोसरी, आकुर्डी, खराळवाडी, दापोडी, काळेवाडी अशा वस्त्यांत एकेका खोलीत सहासहा, आठआठ जण 'कॉट बेसिस'वर राहू लागले. बायकामुले गावी, पाळी संपली की माणूस खोलीवर एकटा, असे हे जिणे होते.

१९८२ साली दोन गोष्टी घडल्या. पिंपरी-चिंचवडची नगरपालिका जाऊन महानगरपालिका झाली, आणि त्याच वर्षी दिल्लीच्या आशियाई क्रीडास्पर्धांच्या निमित्ताने देशात रंगीत दूरदर्शन आले. पाठोपाठ व्हीसीआर आला. हे यंत्र एका कामगाराच्या पगारात बसणारे नव्हते. म्हणून वर्गणी निघे, रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर एका रात्रीच्या भाड्याने येई, आणि भाडे वसूल व्हावे म्हणून पहाटेपर्यंत तीनचार चित्रपट लागत. आधी सर्वांसाठी असलेले चित्रपट होत. बायामुले उठून गेली की शेवटची कॅसेट निघे. तिला 'बी.पी.' म्हणत. या शब्दाला मराठी मध्यमवर्गाने पुढे हसत हसत स्वीकारले. रवी जाधव यांच्या २०१३ सालच्या 'बालक-पालक' या चित्रपटाच्या नावातली अद्याक्षरे त्याच कॅसेटची आठवण करून देतात. मध्यमवर्गाच्या मुलाने पाहिली तर ते वयात येणे ठरले; कामगारवस्तीत पाहिली गेली तर ती वस्तीची विकृती ठरली. कॅसेट तीच होती.

त्या काळी या वस्त्यांत फिरणाऱ्या 'प्रौढ' कॅसेटींचे तीन प्रकार करता येतात. पहिला प्रकार परदेशी चित्रपटांच्या चोरट्या नकलांचा. दुसरा, दक्षिणेकडील 'ए' प्रमाणपत्राच्या चित्रपटांचा. यांत पुष्कळदा दुसरीकडचीच नग्न दृश्ये मधे जोडलेली असत आणि त्या तुकड्यांना 'बिट' म्हणत. तिसरा प्रकार आपला स्वतःचा : लावणीच्या बैठकी, जत्रेतल्या तमाशाची चित्रणे, द्व्यर्थी गाणी आणि बतावणी. लग्नाचे चित्रण करणारे स्टुडिओवाले गावच्या जत्रेत तमाशाही टिपीत. त्याच्या नकला होत आणि त्या हातोहात फिरत.

या तिन्हींना पांढरपेशा समाजाने एकाच शब्दात गुंडाळले : 'अश्लील'. वास्तविक यांत जमीनअस्मानाचे अंतर आहे. परदेशी चित्रपटांच्या मूळ प्रती परदेशात आहेत आणि त्यांची काळजी घेणारे तेथे आहेत. दक्षिणेतील चित्रपटांवर अभ्यास सुरू झाला आहे; दर्शना श्रीधर मिनी यांचा मल्याळी 'सॉफ्ट पॉर्न' चित्रपटांवरील ग्रंथ २०२४ साली प्रसिद्ध झाला. तिसऱ्या प्रकाराला मात्र वाली नाही. तो आपण जपला नाही तर कोणी जपणार नाही. आणि त्यातली बाई बहुतेक वेळा आपल्यातलीच आहे : महार, मांग, कोल्हाटी, डोंबारी.

फीत मरते कशी

कार्यकर्त्यांनी तांत्रिक बाजू थोडी समजून घेतली पाहिजे, कारण येथे वेळ फार थोडा आहे.

व्हीएचएस कॅसेटमधील फीत अर्धा इंच रुंद असते. प्लॅस्टिकच्या पातळ पट्टीवर लोहाच्या चुंबकीय कणांचा थर एका चिकट द्रव्याने बसविलेला असतो. यंत्रातील एक तिरपे ढोलके सेकंदाला पंचवीस फेरे घेत या थरावरून फिरते आणि चित्र वाचते. हवेतील दमटपणा त्या चिकट द्रव्यात शिरतो, थर सुटू लागतो, आणि यंत्रात घातलेली फीत चिकटते किंवा तिची भुकटी होते. आपल्याकडच्या पावसाळ्यात तिच्यावर पांढरी बुरशी चढते. पत्र्याच्या खोलीत, माळ्यावर ठेवलेली कॅसेट याहून लवकर जाते. शिवाय चित्र साठविणारी वस्तू टिकली तरी ते वाचणारे यंत्र हवे. व्हीसीआर बनविणाऱ्या जपानच्या फुनाई या शेवटच्या मोठ्या कंपनीने जुलै २०१६ मध्ये उत्पादन थांबविले. २०१९ साली युनेस्कोने चुंबकीय फितींविषयी जगाला इशारा दिला होता : २०२५ च्या सुमारास यंत्रे आणि सुटे भाग मिळणे बंद होईल, तोवर जे उतरवून घेतले नाही ते गेले असे समजा. ती मुदतही आता उलटली.

सिनेमाच्या रिळाची गोष्ट वेगळी असली तरी शेवट तोच. भारतात तेराशेहून अधिक मूकपट झाले; त्यांतील तीस-एक काय ते आज अंशतः वा पूर्ण उरले आहेत. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांच्यासारख्या माणसाने आयुष्य खर्चून रिळे गोळा केली. तरी जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच ज्वालाग्राही नायट्रेट रिळांच्या कोठाराला आग लागली आणि पुष्कळ काही जळून गेले. ज्याला राष्ट्रीय ठेवा म्हणून मान्यता होती त्याची ही अवस्था. ज्याला मान्यताच नाही, त्या जत्रेतल्या तमाशाच्या कॅसेटीची अवस्था काय असणार?

'अश्लील' कोण ठरवतो

अश्लीलतेचा कायदा वाचण्यासारखा आहे. भारतीय दंडविधानाचे कलम २९२ हे अश्लील वस्तू विकणे, भाड्याने देणे, वाटणे, दाखविणे किंवा त्यासाठी जवळ बाळगणे यांना गुन्हा ठरवीत असे. मुंबईतील एका पुस्तकविक्रेत्यावर, रणजित उदेशी यांच्यावर, लॉरेन्सच्या कादंबरीची प्रत विकल्याबद्दल याच कलमाखाली खटला झाला आणि १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केली. पुढे १९६९ साली या कलमात दुरुस्ती होऊन अपवाद विस्तारले गेले. विज्ञान, वाङ्मय, कला, विद्या यांसाठी जे लोकहिताचे आहे ते वगळले गेले. त्याचबरोबर प्राचीन वास्तूंवरील, देवळांवरील आणि देवाच्या रथांवरील शिल्पे व चित्रे हीही कायद्याच्या कक्षेबाहेर आहेत. १ जुलै २०२४ पासून दंडविधानाच्या जागी भारतीय न्याय संहिता आली; तिच्या कलम २९४ मध्ये हे अपवाद तसेच उतरले.

याचा अर्थ नीट पाहा. दगडातली नग्नता देवळावर असेल तर ती संस्कृती. तिच्या जतनासाठी पुरातत्त्व खाते, पहारेकरी, तिकीट, मार्गदर्शक. आणि ज्या जातीच्या बाईला त्या देवळाच्या पायरीवर उभे राहण्याची मुभा नव्हती, तिने पोटासाठी कनातीत पदर खोचून म्हटलेली लावणी ही अश्लीलता. तिच्यासाठी पोलीस. येथे नग्नतेचे मोजमाप होत नाही. शरीर कोणाचे आहे आणि ते कोणाच्या जागेत उभे आहे, याचे मोजमाप होते.

महाराष्ट्राने हे प्रत्यक्ष अनुभवले आहे. स्वातंत्र्य मिळाले न मिळाले तोच बाळासाहेब खेर यांच्या मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली, कारण तो अश्लील. नंतर बंदी उठली ती सुधारणेच्या अटीवर. संहिता तपासून घेण्याची पद्धत आली. फडातल्या माणसांना विचारून हे झाले नाही. २००५ साली डान्स बारवर बंदी आली तेव्हाही हाच प्रकार झाला. बारमधल्या मुलींत वंशपरंपरेने नाचगाण्यावर जगणाऱ्या जातीजमातींच्या मुली मोठ्या संख्येने होत्या. तारांकित हॉटेलांना त्या बंदीतून सूट होती. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने हा भेदभाव आणि ती बंदी घटनाबाह्य ठरविली.

येरवड्याच्या वस्तीत वाढलेल्या आणि अमेरिकेत इतिहासाच्या प्राध्यापक असलेल्या शैलजा पाईक यांनी २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात तमाशातील दलित स्त्रीचा इतिहास मांडला आहे. 'अश्लील' हा शिक्का जातीने कसा मारला, आणि त्या शिक्क्याशी झुंजत या स्त्रियांनी 'माणुसकी' कशी मागितली, हा त्यांच्या अभ्यासाचा गाभा. २०२४ साली त्यांना मॅकआर्थर फेलोशिप मिळाली. आपल्या दृष्टीने महत्त्वाचे हे की असा इतिहास लिहायला साधने लागतात. साधने नष्ट झाली की उरतो तो फक्त शिक्का.

चळवळीतून येणारा आक्षेप

या ठिकाणी एक गंभीर आक्षेप विचारात घेतला पाहिजे, आणि तो आपल्याच चळवळीतून येतो. १६ जून १९३६ रोजी मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये देवदासी, मुरळ्या, जोगतिणी यांच्या सभेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा लाजिरवाणा व्यवसाय सोडण्याचे स्पष्ट आवाहन केले. पठ्ठे बापूरावांनी तमाशाच्या खेळांचे उत्पन्न चळवळीला देऊ केले तेव्हा, आपल्या बायकांना नाचवून मिळविलेला पैसा नको म्हणून बाबासाहेबांनी तो नाकारला, ही गोष्ट आपल्याकडे सांगितली जाते. मग ज्या जिण्यातून बाहेर पडा असे बाबासाहेबांनी सांगितले, त्याच्या कॅसेटी जपण्याचा उद्योग आपण का करावा?

आक्षेप रास्त आहे. पण त्यातला निष्कर्ष चुकीचा आहे. धंदा सोडणे आणि धंद्याचा पुरावा पुसणे या वेगळ्या गोष्टी आहेत. बाबासाहेबांनी अस्पृश्यता नष्ट करायला सांगितले, अस्पृश्यतेचा इतिहास नष्ट करायला सांगितले नाही. उलट तो त्यांनी स्वतः शोधून लिहिला. ज्यांनी दौलतजादा उधळला, ज्यांनी फेटा उडवला, ज्यांनी पहिल्या रांगेत बसून हुकूम सोडले, त्यांना पुरावा नष्ट झालेला हवाच आहे. कॅसेटमध्ये नाचणारी बाई दिसते, तसा प्रेक्षकही दिसतो. तिची हजरजबाबी बतावणी दिसते, तशी तिची दमणूकही दिसते. कला आणि शोषण एकाच फितीवर आहे. एक पुसून दुसरे राखता येत नाही.

शिवाय आपला व्यवहार नेहमी इतका सोवळाही नव्हता. आनंद शिंदे यांनी भीमगीते गायिली आणि 'पोपटा'चे द्व्यर्थी गाणेही गायिले. एकाच वस्तीत, एकाच टेपरेकॉर्डरवर, जयंतीला एक कॅसेट वाजली आणि वरातीला दुसरी. अभिजनांना या दोन कॅसेटी दोन जगांच्या वाटतील. वस्तीला त्या एकाच आवाजाच्या वाटल्या. वस्तीचा हा अनुभव समजून घ्यायचा तर दोन्ही कॅसेटी हाताशी पाहिजेत.

वस्तीतल्या स्त्रियांचा आक्षेप याहून धारदार आहे. खोलीत जी शेवटची कॅसेट लागली ती त्यांना उठवून लागली, आणि तिचे परिणाम त्यांनी सोसले. हे नाकारण्याचे कारण नाही. म्हणूनच जतनाच्या कामात या स्त्रियांची साक्षही नोंदविली गेली पाहिजे. केवळ पाहणाऱ्या पुरुषांच्या गोड आठवणी गोळा करून हा इतिहास पुरा होणार नाही.

चाकणच्या पुढे, नारायणगावला

चाकणवरून नाशिक रस्त्याने राजगुरुनगर, मंचर ओलांडले की नारायणगाव येते. चैत्राच्या जत्रांआधी येथे फडमालकांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावच्या कमिट्या येऊन सुपारी ठरवितात. ज्या औद्योगिक पट्ट्याविषयी आपण बोलत आहोत, तेथील भूमिपुत्रांच्या गावजत्रांना तमाशा याच बाजारातून जातो.

याच गावच्या विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर. १९३५ साली जन्मलेल्या या कलावतीला १९५७ आणि १९९० साली राष्ट्रपतींच्या हस्ते गौरविण्यात आले. दिवस भरलेले असताना त्या फडावर उभ्या राहिल्या, पडद्यामागे बाळंत झाल्या, दगडाने नाळ ठेचली आणि पुन्हा प्रेक्षकांपुढे जाण्यास सज्ज झाल्या, ही हकीकत महाराष्ट्राला ठाऊक आहे. २००२ साली त्यांचे निधन झाले. अखेरचे दिवस हलाखीचे होते. २००६ पासून शासन त्यांच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार देते. नाव जपले गेले; नाव जपायला पैसा फार लागत नाही. पण त्यांच्या कलेची जी चित्रणे आणि ध्वनिमुद्रणे झाली, ती कोणी केली, कोणाच्या परवानगीने विकली, त्यातले त्यांना काय मिळाले, हे प्रश्न पुरस्काराच्या भाषणात येत नाहीत.

याच्या शेजारी दादा कोंडके यांचे उदाहरण ठेवावे. कोंडके स्वतः गिरणगावच्या कष्टकरी वस्तीतून आले, तमाशाच्या बतावणीची भाषा त्यांनी पडद्यावर नेली आणि त्यांच्या नऊ रौप्यमहोत्सवी चित्रपटांची नोंद गिनेसच्या विक्रमपुस्तकात झाली. सेन्सॉरशी त्यांचे भांडण गाजले. तरीही त्यांचे चित्रपट आज वाहिन्यांवर दाखविले जातात, म्हणजे त्यांचे जतन झाले. ज्या फडांतून ती भाषा आली तेथील बायांचे झाले नाही. द्व्यर्थी बोलणारा पुरुष विनोदवीर ठरला, द्व्यर्थी बोलणारी बाई वाया गेलेली ठरली.

परदेशातील धडा

आता पुनर्प्रकाशनाकडे वळू. अमेरिकेतील कनेक्टिकट राज्यात २०१२ साली 'व्हिनेगर सिंड्रोम' नावाची कंपनी सुरू झाली. जुने अॅसिटेटचे रीळ कुजू लागले की त्याला शिरक्याचा वास येतो. त्या रोगाचेच नाव या कंपनीने घेतले. मोठ्या संग्रहालयांनी न घेतलेले भयपट, मारधाडपट आणि प्रौढांचे चित्रपट मूळ निगेटिव्हवरून उतरवून, दुरुस्त करून ती विकते. तांत्रिक दृष्ट्या हे काम पहिल्या दर्जाचे आहे. हलक्या समजल्या गेलेल्या चित्रपटालाही दुरुस्तीचा तोच हक्क आहे, ही त्यामागील भूमिका आपल्याला परकी वाटू नये.

परंतु याच व्यवसायाची दुसरी बाजू 'डीप थ्रोट' या १९७२ सालच्या चित्रपटात दिसते. अमेरिकेत प्रौढांचा चित्रपट राजरोस चित्रगृहात आणणारा हा चित्रपट. त्याने अफाट पैसा मिळविला. नायिका लिंडा बोरमन हिला, लिंडा लव्हलेस या नावाने, १,२५० डॉलर ठरले होते आणि तेही नवऱ्याने घेतले. १९८० साली तिने आत्मचरित्र लिहून सांगितले की आपल्याला मारहाण करून, धाक दाखवून हे करायला लावले. पुढे सरकारी आयोगासमोरही तिने साक्ष दिली : तो चित्रपट पाहणारा प्रत्येक माणूस आपल्यावरचा बलात्कार पाहतो आहे. २००२ साली ती वारली. २०२२ साली, चित्रपटाला पन्नास वर्षे झाली तेव्हा, दिग्दर्शकाच्या मुलांनी त्याची दुरुस्त केलेली प्रत पुन्हा पडद्यावर आणली.

येथे जतन झाले यात वाद नाही. इतिहासकाराला तो चित्रपट लागेल, तिच्या साक्षीची पडताळणी करायलाही लागेल. पण वर्धापनदिन साजरा करून त्याचे खेळ लावणे म्हणजे तिची साक्ष ऐकून न ऐकल्यासारखे करणे होय. जतन आणि पुनर्प्रकाशन यांतील भेद याहून स्पष्टपणे कोठे दिसणार नाही.

दक्षिणेत पाहिले तर आंध्रातील गरीब घरातून आलेल्या विजयालक्ष्मीला 'सिल्क स्मिता' करण्यात आले. १९९६ साली तिने आत्महत्या केल्याचे सांगण्यात आले. तिचा १९८९ सालचा मल्याळी चित्रपट पुढे हिंदीत नव्या, भडक नावाने आला. २०११ साली तिच्या आयुष्यावर बेतलेला हिंदी चित्रपट गाजला आणि त्यातील नटीला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ज्या बाईच्या शरीरावर हे सर्व उभे राहिले ती यांतील कोणत्याही हिशेबात नव्हती.

कायदा कलावंताला काय देतो

१९८४ च्या दुरुस्तीने व्हिडिओ कॅसेट लेखाधिकार कायद्याच्या कक्षेत आली. त्यामागे निर्मात्याच्या नुकसानीची काळजी होती. कॅसेटमधल्या नाचणाऱ्या, गाणाऱ्या माणसाला स्वतःचा असा हक्क मिळायला १९९४ ची दुरुस्ती यावी लागली आणि ती १० मे १९९५ रोजी अमलात आली. म्हणजे कॅसेटचा बहर ओसरू लागला तेव्हा कायद्याला कलावंत दिसला. आज हा हक्क पन्नास वर्षांचा आहे. प्रयोगाचे चित्रण परवानगीशिवाय करता येत नाही. परंतु २०१२ पर्यंत कलम ३८ मध्येच एक मेख होती : चित्रपटात आपला प्रयोग घ्यायला कलावंताने एकदा संमती दिली की हा हक्क संपत असे. २०१२ च्या दुरुस्तीने व्यापारी वापराबद्दल मानधनाचा आणि आपल्या नावाच्या उल्लेखाचा हक्क जोडला, हे खरे. पण कोऱ्या कागदावर अंगठा उठविलेल्या बाईच्या 'संमती'चे काय, याला कायद्यात उत्तर नाही.

आणि दरम्यान पुनर्प्रकाशन थांबलेले नाही. चाकणचा औद्योगिक पट्टा मुख्यतः नव्वदीनंतर आणि २००० नंतर वाढला. तेथला कंत्राटी कामगार कॅसेटच्या काळातला नव्हे. त्याच्या हाती मोबाइल आला. मोबाइलच्या दुकानात थोड्या पैशांत मेमरी कार्ड 'भरून' मिळू लागले, तेव्हा जुन्या कॅसेटींतील तुकडे त्या कार्डांत उतरले. नाव गेले, साल गेले, गाव गेले, वगाची गोष्ट गेली. उरला फक्त बाईचा तुकडा. जतन झालेले नसताना झालेले हे पुनर्प्रकाशन आहे आणि ते सर्वांत वाईट आहे. 'दुर्लक्ष करा, आपोआप जाईल' असे म्हणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावे. आपोआप जाते ती नोंद. तुकडा राहतो.

काय करता येईल

या विषयावर काम करू इच्छिणाऱ्या विद्यार्थ्यांनी, शिक्षकांनी आणि कार्यकर्त्यांनी पुढील गोष्टी ध्यानात घ्याव्यात.

पहिली, शोध. बंद पडलेली कॅसेट लायब्ररी, स्टुडिओवाल्याचा माळा, फडमालकाची पेटी, जत्रा कमिटीच्या जुन्या सभासदाचे घर, येथे विचारावे. कॅसेट सापडली तर उत्साहाने लगेच यंत्रात घालू नये. बुरशी असलेली फीत यंत्र बिघडवते आणि स्वतःही फाटते. कॅसेट उभी, कोरड्या जागी ठेवावी. मागची खिटी तोडावी म्हणजे चुकून तिच्यावर दुसरे काही भरले जाणार नाही. उतरविण्याचे काम जाणकाराकडून करून घ्यावे, मूळ कॅसेट फेकू नये आणि उतरविलेल्या प्रती किमान दोन ठिकाणी ठेवाव्यात.

दुसरी, नोंद. नाव, गाव, फड, साल, चित्रण कोणी केले, बाईला विचारले होते काय, पैसे कोणाला मिळाले, हे सर्व लिहावे. ज्या स्त्रिया हयात आहेत त्यांचे म्हणणे त्यांच्या शब्दांत घ्यावे. किशोर शांताबाई काळे यांनी १९९४ साली 'कोल्हाट्याचं पोर' लिहिले तेव्हा आपल्या नावात आईचे नाव घातले. नोंद कशी करावी याचा तो वस्तुपाठ आहे.

तिसरी, कायद्याची मर्यादा. अश्लील ठरणारी सामग्री संगणकजालावर प्रसिद्ध करणे हा माहिती तंत्रज्ञान कायद्याखाली गुन्हा आहे. अभ्यासाच्या नावाने ती टाकून देऊ नये. आणि ज्या चित्रणात अल्पवयीन मूल आहे त्याला जतनाची कोणतीही सबब चालत नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असे चित्रण जवळ ठेवणे व पाहणे हाही गुन्हा असल्याचे स्पष्ट केले. असे काही आढळले तर त्याची नक्कल न करता पोलिसांना कळवावे.

चौथी, आणि मुख्य : पाहण्याची मुभा टप्प्याने असावी. जपलेले सर्व काही दाखविलेच पाहिजे असे नाही. अभ्यासकाला संग्रहात बसून पाहता यावे. जाहीर खेळ वा पुनर्प्रकाशन करायचे तर त्या बाईची, ती नसल्यास तिच्या वारसांची, संमती घ्यावी. मिळकतीत वाटा द्यावा. आणि नाव लावावे की झाकावे हे तिने सांगावे. कोणी म्हणेल, हे माझे तरुणपण आहे, माझी कला आहे, दाखवा. तिचे नाव मोठ्या अक्षरांत छापावे. कोणी म्हणेल, माझी नात आता कॉलेजात जाते, हे पुन्हा नको. तिचा नकार शेवटचा मानावा. दोन्ही उत्तरे सारख्याच आदराने घेतली पाहिजेत, कारण प्रश्न विचारला जाणे हेच तिच्या बाबतीत पहिल्यांदा घडत आहे.

आपल्या साहित्याने जे झाकले होते ते उघडे केले, आणि ते ज्याचे त्याने आपल्या तोंडाने सांगितले. कॅसेटीच्या बाबतीत उघडे करणारा एक आणि उघडी पडणारी दुसरी, असा क्रम चालत आला आहे. तो उलटा करता आला तर या मोडक्या, बुरशी लागलेल्या फितींतून महाराष्ट्राच्या सांस्कृतिक इतिहासाचे एक पान मिळेल. करता आला नाही, तर त्या तशाच पेटीत बंद राहिलेल्या बऱ्या. पण पेटी आपल्या ताब्यात हवी आणि आत कोण आहे याची यादी आपल्याजवळ हवी.